चित्तस्फटिक प्रकल्पाच्या नोंदी

२ नोव्हेंबर २०२५

ग्वाल्हेरच्या आमच्या मंडळाच्या हिवाळी संमेलनात यंदा श्रुतिका, म्हणजे नुसती ऐकायची नाटिका, करायची असं ठरलं. कथा वहिनींची, तबला आणि एकूण आवाजाची बाजू काकांची, रेकॉर्डिंग भाच्याचं. विज्ञान माझ्या गळ्यात पडलं, कारण बीएस्सीला फिजिक्स होतं हे कधीतरी मी बोलून गेले होते.

कथेतली कल्पना अशी: माणसाच्या मनावर चालणारे स्फटिक आहेत आणि त्यांना आकार देता येतो तो फक्त आवाजानं. नायिका गाते तसा स्फटिक वाढतो. ऐकणारे मन लावतात तसा तो उजळतो. पहिल्या पानावर वहिनींनी "प्राचीन ऋषींना ठाऊक असलेली कंपनशक्ती" असं लिहिलं होतं. ते मी पेन्सिलीनं खोडलं. त्या म्हणाल्या, "खोडलंस ना, मग आता त्या जागी काय ते तूच दे."

देते. पण अट घातली आहे: अख्ख्या सिद्धान्तात थाप एकच. बाकीचं सगळं कुणालाही पुस्तक उघडून तपासता यावं असं खरं. एक थाप श्रोता हौसेनं गिळतो, दुसरीला त्याच्या कपाळाला आठी पडते, तिसरीला तो चहा प्यायला उठतो. काकांचं म्हणणं, "आपल्याकडचे पहिलीलाच उठतात."

सिद्धान्ताचं नाव तूर्त 'नादघटन'. स्फटिकांना 'चित्तस्फटिक'. ही थाप नेमकी कुठे ठेवायची, एवढंच खरं तर माझं काम.

५ नोव्हेंबर

आवाज खरोखर किती आकार काढतो, ते आधी बघायचं. एर्न्स्ट क्लाड्नी यांनी १७८७ साली धातूच्या पत्र्यावर वाळू भुरभुरवून पत्र्याच्या कडेवर व्हायोलिनचा गज ओढला. पत्रा जिथे थरथरत नाही तिथे वाळू गोळा झाली आणि रेघांच्या नक्ष्या उठल्या. आपल्याकडे सी. व्ही. रामन यांनी तबला-मृदंगाच्या पुडीवर हाच खेळ केला. शाईमुळे, म्हणजे पुडीवरच्या काळ्या गोलामुळे, तबल्याचे उपस्वर (मूळ सुरासोबत उठणारे वरचे सूर) सुरेल पटीत कसे बसतात, यावर त्यांचं टिपण १९२० साली 'नेचर'मध्ये आलं होतं आणि वाळूच्या आकृत्यांसकट सविस्तर निबंध १९३४ सालचा. हेच रामन पुढे हिरे आणि स्फटिकांच्या मागे लागले. वहिनींना हे सांगितलं तर त्या लगेच वहीत टिपून घेऊ लागल्या. रामन यांना श्रुतिकेत पात्र करायचं नाही, हे तिथल्या तिथे मान्य करून घेतलं.

काकांकडे तबला मागितला. "पुडीवर रवा? शाईच्या भेगांत जाऊन बसेल तो. रामन तुझे असतील, तबला माझा आहे."

मग लहान पातेल्याच्या तोंडावर फुग्याचं रबर ताणून बांधलं आणि वर बारीक रवा टाकला. वहिनींनी पातेल्याच्या बाजूला तोंड नेऊन 'आ' लावला. आधी रवा नुसता नाचला. त्यांनी सूर हळूहळू वर नेला तसा एका जागी आल्यावर रवा भराभर सरकून कडेच्या आत गोल कडं झालं. आणखी वर गेल्यावर कडं मोडलं आणि मधोमध आडवी रेघ आली. सूर जरा हलला की रेघही हलायची. वहिनी श्वास संपेपर्यंत गात राहिल्या आणि मग म्हणाल्या, "हे तर माझा सूर कुठे डगमगतो ते सगळ्यांना दाखवतंय."

हे वाक्य नायिकेच्या तोंडी जाणार.

९ नोव्हेंबर

दाल बाजारातल्या पंसाऱ्याकडून तुरटी आणली. गरम पाण्यात विरघळेल तेवढी विरघळवली, गाळली, निवू दिली. दोन काचेचे ग्लास, दोन्हींत दोऱ्याला बांधलेला तुरटीचा एकेक बारीक खडा. एक ग्लास भाच्याच्या स्पीकरला टेकवून, त्यावर तंबोऱ्याचं ॲप चालू. दुसरा देवघराच्या मागच्या कोनाड्यात, निवांत. थंडी पडू लागली आहे, तेव्हा हवामान आपल्या बाजूचं.

१२ नोव्हेंबर

आज आकडेमोडीला बसले आणि अडचण लक्षात आली.

वहिनींचा सा काळी पाच, म्हणजे पेटीची पाचवी काळी पट्टी, साधारण २३३ हर्ट्झ (सेकंदाला २३३ कंपनं). हवेत ध्वनी सेकंदाला ३४३ मीटर जातो, तेव्हा या स्वराची एक लहर जवळपास दीड मीटर लांब. पाण्यात वेग १,४८० मीटरच्या आसपास, लहर सहा मीटरांहून लांब. क्वार्ट्झमध्ये वेग ५,७०० च्या घरात, म्हणजे लहर साडेचोवीस मीटर! पाच सेंटीमीटरच्या खड्याला या लहरीचा आकार कळायचा तरी कसा? त्याच्या दृष्टीनं तो अख्खाच्या अख्खा पुढेमागे हलतो, बस. पातेल्यावरच्या रबरात जमलं, कारण ताणलेल्या पातळ पडद्यावर लहर फार सावकाश चालते.

पाण्यात पाच सेंटीमीटरची लहर हवी तर कंपनं सेकंदाला तीस हजारांच्या आसपास लागतात. माणसाच्या कानाची वरची हद्द वीस हजार. तेवढ्या वरचा आवाज खऱ्या जगात स्फटिकांचं काम करतोच: श्राव्यातीत ध्वनीनं द्रावणात स्फटिक लवकर बनू लागतात हे रिचर्ड्स आणि लूमिस यांनी १९२७ साली नोंदवलं आणि औषधं बनवण्याच्या उद्योगातही ते वापरतात. पण नायिकेनं वटवाघळाच्या पट्टीत गायचं म्हटल्यावर काका तबला घेऊन घरी जातील.

सोपी वाट म्हणजे थाप इथेच मारायची: चित्तस्फटिकात ध्वनी फार मंद चालतो, विषय संपला. पण मग मनासाठी दुसरी थाप लागते. एकच, म्हणजे एकच.

१६ नोव्हेंबर

वाट सापडली, तीही मंडळाच्या कोजागिरीचा हिशेब मिटवताना. डॉक्टर कुणाच्या तरी लिव्हरच्या तपासणीबद्दल बोलत होते. त्या तपासणीत बरगड्यांमधून हलकासा ठोका देतात, ५० हर्ट्झचा, आणि त्यानं उठलेली आडवी लहर यकृतातून किती वेगानं पुढे गेली ते मोजतात. निरोगी यकृतात ती सेकंदाला जेमतेम मीटरभर जाते. यकृत निबर झालं की वेग वाढतो.

सेकंदाला मीटरभर! म्हणजे माणूस चालतो त्याहूनही कमी.

याचं कारण असं की मऊ, लिबलिबीत पदार्थात दोन तऱ्हेच्या लहरी असतात. दाबाची लहर पाण्यासारखीच धावते. पण पदार्थ आडवा हलवणारी लहर त्याच्या ताठपणावर जगते आणि जेलीला ताठपणा नावालाच. तेव्हा चित्तस्फटिक पाण्यात वाढवायचाच नाही. तो जेलीत वाढवायचा. आणि जेलीत स्फटिक वाढवणं ही प्रयोगशाळेतली जुनी, रुळलेली पद्धत आहे. द्रव्यं जेलीतून हळूहळू झिरपत एकमेकांना भेटतात, ढवळाढवळ होत नाही, स्फटिक निवांत वाढतो.

लहरीचा वेग सेकंदाला ३ मीटर धरला तर काळी पाचच्या सा ची लहर १.३ सेंटीमीटर, पंचमाची नऊ मिलिमीटरच्या आत, तारषड्जाची साडेसहा. म्हणजे गाता गळा जेलीत बोटाच्या पेराएवढी जाळी विणू शकतो. म्हणजे ध्वनीसाठी थापेची गरजच उरली नाही.

१९ नोव्हेंबर

चायना ग्रासची पातळ जेली स्टीलच्या ट्रेमध्ये लावली, स्पीकर कडेला टेकवला, टॉर्च तिरका. सव्वाशे हर्ट्झवर पृष्ठभागावर पट्ट्या दिसतात, दोन-अडीच सेंटीमीटर अंतरानं. गणित जुळतं. भाच्यानं व्हिडिओ काढला आणि नंतर साखर घालून जेली खाल्ली.

२३ नोव्हेंबर

तुरटीचे ग्लास काढले. कोनाड्यातल्या ग्लासात दोऱ्याला एकच मोठा, स्वच्छ, बोराएवढा अष्टफलक. तंबोऱ्याजवळच्या ग्लासात तळाशी असंख्य बारीक खडे आणि दोऱ्यावरही गर्दी. पोस्टकार्डाच्या दोन पट्ट्या टाचणीनं जोडून कोनमापक केला आणि दोन्हीकडच्या शेजारशेजारच्या पैलूंमधला कोन मोजला. सारखाच, एकशे नऊ-साडेनऊ अंश.

तो सारखाच असणार होता. निकोलस स्टेनो यांनी १६६९ साली सांगितलं की एका पदार्थाच्या स्फटिकांचे आकार कितीही वेडेवाकडे दिसले, तरी पैलूंमधले कोन ठरलेले. ते आतल्या अणूंच्या रचनेतून येतात आणि तिथवर कुणाचा तंबोरा पोचत नाही. मग आवाजानं आकार द्यायचा म्हणजे नेमकं काय करायचं? याचं उत्तर मिठानं दिलं. साधं मीठ चौकोनी घन होऊन बसतं. पाण्यात युरिया असला तर तेच मीठ अष्टफलक होतं. रोमे द लील यांनी अठराव्या शतकातच हे पाहिलं होतं आणि त्यांनी युरिया कुठून मिळवला ते मंडळाच्या कार्यक्रमात सांगण्यासारखं नाही. कोन तेच, नियम तेच, फक्त कुठला पैलू मोठा व्हायचा ते बदलतं. नादघटनात आवाज तेवढंच करील: युरियाचं काम. कोनाला हात लावायचा नाही. वहिनींच्या दुसऱ्या प्रवेशातला 'कमळाच्या आकाराचा स्फटिक' यात बाद झाला. त्याऐवजी जेलीतल्या जाळीप्रमाणे अनेक खडे कमळासारखे मांडले जातील. वहिनी चिडल्या, पण मांडलेलं कमळ त्यांना अधिक आवडलं असावं, कारण ते त्यांनी लगेच पहिल्या प्रवेशातही आणलं.

खरं भांडण वेगळ्याच गोष्टीवरून झालं. तंबोऱ्याच्या ग्लासात बारीक खडे का झाले, तर द्रावण हललं की नवे कण जागोजागी धरतात आणि माल वाटला जातो. म्हणून नियम: मंद, लांब, टिकवलेला सूर मोठा स्फटिक देतो, जोरकस आणि भराभर आवाज भुगा करतो. हे वाचून दाखवलं तर काका उठून उभे राहिले. "म्हणजे आलाप चांगला आणि तान वाईट? हे तू ग्वाल्हेरमध्ये बसून लिहितेस? हस्सू खाँ, हद्दू खाँ इथले. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर हीच गायकी घेऊन महाराष्ट्रात गेले, म्हणून तिकडे ख्याल रुजला. आमची सपाट तान म्हणजे काय पिठाची गिरणी वाटली तुला?"

नियम मी बदलला नाही, भौतिकशास्त्र घराणं बघत नाही. पण काकांच्या रागातून तिसरा प्रवेश सुचला. खलनायकानं चोरलेले स्फटिक नायिका कशी परत मिळवते हे वहिनींना सुटत नव्हतं. ती मिळवतच नाही. कोठाराच्या भिंतीबाहेर उभी राहते आणि जेलीत वाढणाऱ्या पुढच्या पिकावर ग्वाल्हेरची सपाट तान सोडते, तीन सप्तकांतून. आत भुगा. काकांनी स्वतःहून सांगितलं, या जागी द्रुत एकताल वाजवीन.

३० नोव्हेंबर

आता मन.

सकाळी भाच्याबरोबर हजिऱ्याला तानसेनाच्या समाधीवर जाऊन आले. सूफी संत मुहम्मद गौसांचा मोठा मकबरा, त्यातल्या दगडी जाळ्या, आणि बाजूला तानसेनाची साधी छत्री. तिथल्या चिंचेचा पाला खाल्ला की गळा गोड होतो म्हणतात. भाच्यानं तोंड भरून खाल्ला. फक्त खोकला आला.

समाधीशी बसून दीपक रागाची आख्यायिका डोक्यात घोळत होती. तानसेन गायला आणि दरबारातले दिवे पेटले. लोक विचारतात, गळ्यातून दिवा लागेल का? गाणाऱ्या माणसाच्या आवाजातली शक्ती वॅटच्या अंशांत मोजावी लागते, त्यात काही उजळणार नाही. पण दरबारात ऐकणारे किती होते, हे कोणी विचारत नाही.

मेंदू साधारण २० वॅटवर चालतो. वजन शरीराच्या दोन टक्के, खर्च वीस टक्के. त्यातलं बाहेर काय येतं? हान्स बेर्गर यांनी १९२४ मध्ये माणसाच्या डोक्यावरून मेंदूची विद्युत स्पंदनं पहिल्यांदा टिपली. कवटीवर ती काही दहा मायक्रोव्होल्ट (व्होल्टचे दहा लाखावे भाग) भरतात, म्हणजे जवळपास शून्यच. बेर्गर यात का पडले तेही मजेशीर आहे. तरुणपणी सैन्यात असताना घोड्यावरून पडून मरता मरता वाचले आणि त्याच दिवशी घरून तार आली, कारण बहिणीला एकाएकी वाटलं होतं की भावावर संकट आहे. तेव्हापासून त्यांना 'मानसिक ऊर्जा' पकडायची होती. हाती आला ईईजी, जो आज प्रत्येक मोठ्या इस्पितळात आहे. विचारांची ने-आण त्यांना कधी सापडली नाही.

आमची थाप बरोबर तिथेच बसते, बेर्गर जिथे रिकाम्या हातानं परतले तिथे. नोंद करून ठेवते, शब्द न बदलता संहितेत जाईल:

"माणूस एकतान झाला की त्याच्या मेंदूच्या खर्चातला शंभरावा भाग कवटीबाहेर येतो आणि चित्तस्फटिक तो टिपतो."

बस, एवढंच खोटं. पुढचं सगळं गणित. २० वॅटचा शंभरावा भाग ०.२ वॅट. घरातला साधा एलईडी बल्ब ९ वॅटचा. म्हणजे एक बल्ब लावायला पंचेचाळीस माणसं लागतात, तीही मन लावून ऐकणारी. स्फटिक गाणाऱ्यावर चालत नाही, मैफलीवर चालतो. गाणारीनं फक्त त्याला घडवायचं. दीपक रागानं लागलेले दिवे दरबारानं लावले होते.

वहिनींना फोनवर सांगितलं. बराच वेळ गप्प. मग म्हणाल्या, "आपल्या संमेलनात पंचेचाळीस डोकी येतात गं. पण बल्ब नाही लागणार."

यातून श्रुतिकेचा मुख्य पेच आपोआप तयार झाला. खलनायकाला स्फटिक चोरायची गरजच नाही. त्यानं लोकांचं लक्ष चोरलं की गावात अंधार. मोबाइलचा उल्लेख करायचा नाही असं मी बजावलं आहे; श्रोत्यांना कळतं तेवढं.

७ डिसेंबर

भाच्याची शंका रास्त होती: श्रुतिकेत उजेड ऐकू कसा येणार?

उत्तर क्यूरी बंधूंकडे. झाक आणि पिएर यांनी १८८० साली दाखवलं की क्वार्ट्झ, टूर्मलीन, पुष्कराज, उसाची साखर आणि रोशेल मीठ यांचे स्फटिक दाबले की वीज निर्माण होते. पुढच्याच वर्षी लिपमन यांनी गणितानं सांगितलं की उलटही व्हायला हवं, वीज दिली की स्फटिक आकुंचन पावेल, आणि ते खरं निघालं. मनगटी घड्याळात हेच चालतं: क्वार्ट्झचा चिमट्याच्या आकाराचा इवलासा तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो, ती संख्या पंधरा वेळा निम्मी केली की एक सेकंद मिळतो. म्हणजे ऊर्जा मिळालेला स्फटिक गुणगुणतो, ही थाप नाही. उजेड वाढला की गुणगुण वाढेल.

रोशेल मीठ घरी केलं. केकच्या सामानाच्या दुकानातून क्रीम ऑफ टार्टर, त्यात गरम पाण्यातून धुण्याचा सोडा थोडा थोडा, फसफस थांबेपर्यंत. गाळून आटवलं, फ्रिजमध्ये ठेवलं. खडे पारदर्शक आणि लांबट आले, हातात घेतले की जरा ओशट लागतात. सगळ्यात मोठ्या खड्याला दोन बाजूंनी ॲल्युमिनियम फॉइल, दोन तारा, तारा भाच्याच्या ॲम्प्लिफायरला. नखानं टिचकी मारली आणि स्पीकरमधून 'टक्' असा आवाज आला. काका खुर्चीतून पुढे सरकले. त्यांच्या जुन्या रेकॉर्ड प्लेअरच्या सुईमागे असाच 'क्रिस्टल' होता, तो दमट हवेत बाद झाला म्हणून त्यांनी कधीकाळी फेकून दिला होता. "म्हणजे मी मीठ फेकलं?" असं दोनदा विचारलं.

मग तारा उलट्या जोडून खड्यातच तंबोरा सोडला. कान अगदी जवळ नेला तर डासाएवढा बारीक सा ऐकू येतो. श्रुतिकेत चित्तस्फटिकाचा आवाज हाच राहील, काही न मिसळता. भाच्याला त्यावर प्रतिध्वनी घालायचा आहे. मी नाही म्हटलं, वहिनींनी हो म्हटलं.

१४ डिसेंबर

पहिलं पूर्ण वाचन. डॉक्टरांनाही बोलावलं होतं, थाप पकडायला. त्यांनी बरोबर एकच पकडली, तेव्हा चाचणी पास. मात्र त्यांची एक सूचना घ्यावी लागली. शेवटच्या प्रवेशात नायिका झोपते आणि स्फटिक विझतो, असं वहिनींनी लिहिलं होतं. डॉक्टर म्हणाले, झोपेत मेंदूचा खर्च थांबत नाही; स्वप्न पडत असताना तर जवळपास जागेपणाइतकाच असतो. पण सिद्धान्तात खर्चाला महत्त्व नाही, एकतानतेला आहे. स्वप्नातला माणूस एकतान धरायचा की नाही? यावर चहा दोनदा झाला. ठरलं असं: नायिका जागीच राहते, एकटी. एकटीचे ०.२ वॅट. त्यात बल्ब लागत नाही, पण रेडिओवर असतो तसला लाल एलईडी ०.०४ वॅटचा, तसे पाच लागतात. वहिनी म्हणतात पाच फार, एकच ठेवू. एक ठेवला तर उरलेलं मन कुठे आहे ते संवादात सांगावं लागेल. त्यांनी ते काम आनंदानं घेतलं आहे.

उरलेलं: दुसऱ्या प्रवेशातली 'कंपनशक्ती' पुन्हा उगवली आहे, ती काढणे. जेलीचा आवाज कसा काढायचा ते भाचा बघेल. तानसेन समारोहाच्या संध्याकाळी काका मिळणार नाहीत हे गृहीत धरून रेकॉर्डिंग सकाळी, माझ्याकडे, पंखा बंद ठेवून. द्रुत एकतालाचा तुकडा आधी घेऊ, म्हणजे काका गाजराचा हलवा खायला मोकळे.